धूमकेतूच्या हिशेबातली माणसे

विज्ञानाच्या इतिहासावरील पुस्तके मी सार्वजनिक वाचनालयाच्या बाकावर बसून वाचली. शाळा लवकर सुटली आणि पुढचे सारे आयुष्य कामगारांचे हजेरीपट व पगारपत्रके तपासण्यात गेले. त्यामुळे एखादे मोठे काम पार पडले असे वाचले, की ते कोणी केले आणि करणाऱ्याच्या पदरात काय पडले, हे दोन प्रश्न माझ्या मनात आधी उभे राहतात. पंडितांना ते क्षुल्लक वाटतील. वाटोत. अठराव्या शतकातील युरोपात, ज्याला ज्ञानोदयाचे युग म्हणतात त्या काळात, एका धूमकेतूची मोठी वाट पाहिली गेली. त्या कथेला हे दोन प्रश्न लावून पाहू.

प्रारंभ एका ग्रंथाच्या छपाईपासून करावा लागतो. न्यूटनचा 'प्रिन्सिपिया' 1687 साली लंडनमध्ये प्रसिद्ध झाला. तो रॉयल सोसायटीच्या पैशाने निघावयाचा होता. परंतु आदल्याच वर्षी माशांच्या इतिहासावर एक भारी सचित्र ग्रंथ काढून त्या संस्थेने आपली तिजोरी रिकामी केली होती. तेव्हा एडमंड हॅले याने न्यूटनच्या ग्रंथाचा खर्च स्वतःच्या खिशातून केला. हा हॅले त्या वेळी सोसायटीचाच कारकून होता आणि त्याला वर्षाला 50 पौंड ठरलेले होते. ते द्यायची वेळ आली तेव्हा संस्थेने ठराव केला, की पैशांऐवजी त्याला मत्स्यग्रंथाच्या न खपलेल्या 50 प्रती द्याव्यात! पगाराऐवजी माल अंगावर घालण्याची रीत गिरणी-कारखान्यांत जन्मली असे कोणी म्हणत असेल, तर त्याने हा ठराव अवश्य पाहावा.

याच हॅलेने न्यूटनचे गणित धूमकेतूंना लावले. आपल्याकडे ज्याला शेंडेनक्षत्र म्हणतात त्याच्याविषयीची भीती युरोपातही काही कमी नव्हती. राजा मरणार, रोगराई येणार, ही भाकिते तिकडेही होतच होती. 1705 साली हॅलेने छापून सांगितले, की 1531, 1607 आणि 1682 साली दिसलेले तीन धूमकेतू हे तीन नसून एकच आहे. तो सूर्याभोवती फेरी घालतो आणि 1758च्या सुमारास पुन्हा येईल. हॅले 1742 साली वारला. भाकीत मागे राहिले.

पण यात एक मेख होती. धूमकेतूची पहिली फेरी 76 वर्षांहून थोडी अधिक भरली होती, तर दुसरी 75 वर्षांहून किंचित कमी. गाडी रोजचीच, रस्ता तोच, मग वेळ का चुकते? कारण वाटेत गुरू आणि शनी हे दोन बलाढ्य ग्रह तिला ओढतात. गुरुत्वाकर्षण जर खरोखर सर्वत्र असेल, तर ही ओढाताणही हिशेबात धरून धूमकेतूच्या परतीचा महिना सांगता आला पाहिजे. आणि तो आलाच नाही तर? तर न्यूटनच्या साऱ्या इमारतीला तडा गेला असे म्हणायला विरोधक टपलेले होतेच.

हा हिशेब करण्याचे काम 1757 साली पॅरिसमध्ये क्लेरो या गणितज्ञाने हाती घेतले. रीत त्याने बसवली, पण आकडेमोड एकट्याच्या आवाक्यातली नव्हती. त्याच्या साहाय्याला दोघे आले. एक लालांद, पंचविशीतला तरुण ज्योतिर्विद. आणि दुसऱ्या निकोल-रेन लपोत, राजाच्या घड्याळजीच्या पत्नी, वय 34. लपोतबाई हिशेबाला नवख्या नव्हत्या. पतीने 1755 साली घड्याळांवर ग्रंथ लिहिला, त्यात लंबकांच्या लांबीचे आणि आंदोलनांचे कोष्टक त्यांनीच सिद्ध करून दिले होते.

हे काम कसे होते ते नीट ध्यानात घ्यावे. धूमकेतूच्या मार्गाचे बारीक बारीक तुकडे पाडायचे. प्रत्येक तुकड्यापाशी गुरू कोठे होता, शनी कोठे होता, अंतर किती, ओढ किती आणि कोणत्या दिशेला, हे काढायचे. मग त्यांची बेरीज. असे सुमारे दीडशे वर्षांच्या मार्गावर. यंत्र नाही. लॉगॅरिथमची कोष्टके आणि पिसाची लेखणी एवढीच हत्यारे. एका ओळीत चूक झाली की ती पुढच्या साऱ्या ओळी नासवणार. ज्यांनी मार्चअखेर पतपेढीचा ताळेबंद जुळवला आहे त्यांना याची थोडी कल्पना येईल. फक्त तो ताळेबंद दीडशे वर्षांचा आहे असे समजावे. लालांदने पुढे लिहून ठेवले आहे, की सहा महिने ते सकाळपासून रात्रीपर्यंत, कधी कधी जेवतानासुद्धा हिशेब करीत होते, आणि त्या श्रमाने त्याची प्रकृती कायमची बिघडली. शिवाय घाई होती ती निराळीच. धूमकेतू आधी दिसला असता तर भाकिताला अर्थच राहिला नसता, म्हणून काही लहानसहान पदे सोडून द्यावी लागली.

उत्तर निघाले ते असे: गुरूमुळे 518 दिवस आणि शनीमुळे 100 दिवस, मिळून 618 दिवसांचा उशीर. 14 नोव्हेंबर 1758 रोजी क्लेरोने अकादमीत जाहीर केले, की धूमकेतू 1759च्या एप्रिलच्या मध्यास सूर्याच्या सर्वांत जवळ येईल. एक महिना इकडेतिकडे धरावा. प्रत्यक्षात तो 13 मार्चला आला. दीडशे वर्षांच्या हिशेबात चूक सुमारे एका महिन्याची! युरेनस आणि नेपच्यून तेव्हा कोणाला ठाऊकही नव्हते, हेही लक्षात ठेवावे.

आता पाहिला कोणी? अकादमीच्या कोणा सदस्याने नव्हे. ड्रेस्डेनजवळच्या प्रोलिस गावातला पालिच हा शेतकरी, स्वतःच्या बळावर ज्योतिष शिकलेला, त्याने 25 डिसेंबर 1758च्या रात्री आपल्या दुर्बिणीतून तो प्रथम पाहिला. पॅरिसमध्ये मेसिए हा देलिल या ज्योतिर्विदाच्या पदरी नोकर होता. अक्षर चांगले म्हणून त्याला ठेवून घेतले होते. धन्याने काढून दिलेल्या नकाशाप्रमाणे तो कित्येक महिने आकाश धुंडाळीत राहिला, आणि नकाशाच चुकीचा होता. शेवटी 21 जानेवारी 1759 रोजी त्याला धूमकेतू सापडला. पण धन्याने बोलू दिले नाही! 1 एप्रिलला देलिलने तोंड उघडले तेव्हा पालिचची बातमी पॅरिसला पोचलेली होती. नोकराने पाहिलेले धन्याच्या कुलपात राहते, याचा याहून बोलका दाखला मला वेधशाळेबाहेरही क्वचितच भेटला.

आणि लपोतबाई? 1760 साली क्लेरोने धूमकेतूंच्या सिद्धांतावर आपला ग्रंथ काढला, त्यात त्यांच्या कामाचा उल्लेख गाळला. कारण लालांदने दिले आहे: त्यांच्या गुणांचा मत्सर करणाऱ्या दुसऱ्या एका स्त्रीला खूश ठेवण्यासाठी. कारण काहीही असो, हजेरीपटावरून नाव उडाले. लालांदने मात्र स्पष्ट सांगितले, की बाईंचे साहाय्य नसते तर एवढे काम अंगावर घेण्याचे धाडस आपण केले नसते.

त्याच काळातल्या दुसऱ्या एका पुस्तकाची येथे मला राहून राहून आठवण होते. दिदेरो आणि दालांबेर यांचा फ्रेंच विश्वकोश 1751पासून निघू लागला होता. धूमकेतू सूर्यापाशी पोचण्याच्या पाच दिवस आधी, 8 मार्च 1759 रोजी, सरकारने त्याचा छपाईचा परवाना रद्द केला. पुढचे दहा खंड गुपचूप छापावे लागले. दिदेरो हा सुऱ्या-कात्र्या घडवणाऱ्या कारागिराचा मुलगा. त्याने विश्वकोशात हातमागापासून टाचणीपर्यंतचे धंदे चित्रांसह घातले. मोजे विणण्याचे यंत्र समजावे म्हणून बार्रा नावाच्या कारागिराकडून ते आपल्यासमोर अनेकदा सुटे करून पुन्हा जोडवून घेतले, आणि त्या कारागिराचे नाव ग्रंथाच्या प्रस्तावनेत छापले गेले. ग्रंथ अर्थातच बार्राला परवडण्यासारखा नव्हता. आरंभीची वर्गणीच 280 लिव्र होती, आणि साध्या मजुराची रोजी एका लिव्रच्या आसपास. तरी नाव आले. मोजे विणणाऱ्याचे आले, आणि धूमकेतूचा हिशेब करणारीचे ग्रंथातून गेले. दोन्ही एकाच शहरात, दहा वर्षांच्या आत.

लपोतबाई पुढेही थांबल्या नाहीत. 1 एप्रिल 1764च्या कंकणाकृती सूर्यग्रहणाची छाया युरोपात कोठून कोठे जाईल याचा नकाशा त्यांनी काढला, तो त्यांच्या नावाने छापला गेला. त्यानंतर वर्षानुवर्षे लालांदसाठी पंचांगाची कोष्टके केली. दृष्टी अधू झाली तेव्हा ते काम सुटले. 1788 साली त्या वारल्या. लालांदने त्यांच्याविषयीचा मजकूर ज्या ग्रंथात घातला, तो खगोलशास्त्रीय ग्रंथांची सूची आणि इतिहास असा मोठा ग्रंथ 1803 साली निघाला. तोवर बाईंना जाऊन पंधरा वर्षे झाली होती.