नकाशा भूगर्भाचा – लेखांक ६ : भोसरी ते चाकण, माती आणि भूजलातील प्रदूषणाचे प्रारूप

पिंपरी-चिंचवड शहराच्या मधून पवना वाहते, दक्षिण हद्दीवरून मुळा आणि उत्तर हद्दीवरून इंद्रायणी. इंद्रायणी ओलांडली की खेड तालुका लागतो. तेथे चाकण, आणि चाकणच्या उत्तरेला भामा. या नद्यांच्या मधल्या उतारांवर गेल्या सत्तर वर्षांत कारखानदारी वाढत गेली. १९५४ साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला, १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि भोसरी, चिंचवड, आकुर्डी यांच्या शिवारांत कारखान्यांची दाटी झाली. पुढे चाकणच्या आसपास कुरुळी, निघोजे, महाळुंगे, खराबवाडी या गावांत मोटारींचे आणि सुट्या भागांचे उद्योग आले. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २००९ साली देशातील ८८ औद्योगिक समूहांचा हवा, पाणी आणि जमीन मिळून एक निर्देशांक काढला, तेव्हा पिंपरी-चिंचवड ६० ते ७० गुणांच्या ‘गंभीर प्रदूषित’ गटात होते.

इंद्रायणीवरचा फेस आळंदीच्या घाटावरून कोणालाही दिसतो. मातीत मुरून विहिरीपर्यंत गेलेले रसायन मात्र दिसत नाही, आणि प्रत्येक गुंठ्यात भोक पाडून ते तपासणेही शक्य नसते. म्हणून मोजक्या ठिकाणच्या मोजणीवरून उरलेल्या जागेचा अंदाज बांधावा लागतो. भौगोलिक माहिती प्रणाली, म्हणजे जीआयएस, हे त्यासाठीचे साधन. त्या अंदाजाला प्रारूप म्हणतात आणि त्याची मांडणी तीन प्रश्नांवर होते: रसायन कोठून सुटते, कोणत्या वाटेने जाते आणि कोणापर्यंत पोहोचते.

खाली काय आहे

हा सारा पट्टा दख्खनच्या काळ्या कातळावर, म्हणजे बेसाल्टवर वसला आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी लाव्हाचे थर एकावर एक साचत गेले. वरती काळी माती, तिच्याखाली मुरूम, मग विहीर खोदणारे ज्याला मांजऱ्या म्हणतात तो सच्छिद्र मऊ खडक, त्याखाली घट्ट काळा पाषाण, आणि दोन लाव्हाथरांच्या मध्ये कोठे कोठे गेरूचा लाल थर, असा साधारण क्रम असतो. पाणी मुरमात, मांजऱ्यात आणि पाषाणाच्या सांध्या-भेगांत साठते. वाळूच्या प्रदेशात भूजल सलग पसरलेले असते. येथे ते तुटक असते. दोन शेजारच्या विहिरींपैकी एकीला बारमाही पाणी आणि दुसरी मार्चमध्ये कोरडी, हा अनुभव खेड तालुक्यातल्या शेतकऱ्याला नवा नाही. प्रारूप करणाऱ्याने हा तुटकपणा पहिल्यापासून लक्षात ठेवला नाही, तर पुढची सारी आकडेमोड फसवी ठरते.

स्तर जमवणे

जीआयएसमध्ये प्रत्येक माहितीचा स्वतंत्र स्तर असतो आणि सारे स्तर एकाच स्थाननिर्देशक व्यवस्थेत बसवावे लागतात. पुणे परिसरासाठी यूटीएम पद्धतीचा ४३ वा विभाग वापरला जातो. त्यामुळे अंतरे थेट मीटरमध्ये मिळतात. क्यूजीआयएससारखी मोफत प्रणाली या कामाला पुरेशी आहे.

पहिला स्तर स्रोतांचा. त्यात कारखान्यांची केवळ ठिकाणे पुरत नाहीत. तेथे काय चालते तेही नोंदवावे लागते. इलेक्ट्रोप्लेटिंगच्या शेडमधून क्रोमियम आणि निकेल, फॉस्फेटिंगमधून जस्त, यंत्रशाळांतून कूलंट आणि तेल, पेट्रोल पंपांच्या जमिनीखालील टाक्यांतून इंधन सुटू शकते. भंगाराची गोदामे, कचरा डेपो, सांडपाण्याचे नाले हेही स्रोतच. नाला बिंदू नसून रेषा आहे आणि कचरा डेपो क्षेत्र आहे, म्हणून नकाशावर त्यांची नोंदही तशीच होते.

दुसऱ्या गटात भूरूप येते. उपग्रहांवरून मिळालेल्या उंचीच्या माहितीतून उतार, ओढे आणि पाणलोट क्षेत्रे काढली जातात. तिसऱ्या गटात माती आणि खडक. नागपूरच्या राष्ट्रीय मृदा सर्वेक्षण व भूमी उपयोग नियोजन ब्यूरोचे मृदा नकाशे आणि भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे खडकांचे नकाशे येथे उपयोगी पडतात. चौथा गट पाण्याचा. १९७२ साली स्थापन झालेली भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून ठरावीक महिन्यांत मोजते, आणि केंद्रीय भूजल मंडळाच्या विहिरी वेगळ्या असतात. शेवटचा स्तर माणसांचा: वस्त्या, पिण्याच्या विहिरी, हातपंप, सिंचनाच्या बोअर.

नमुना घेण्याची शिस्त

नकाशाचा दर्जा नमुन्यावर ठरतो. धातूंसाठी माती घेताना लोखंडी खुरपे टाळतात, कारण त्याचाच अंश नमुन्यात उतरू शकतो. पाण्याचा नमुना धातूंसाठी बारीक गाळणीतून गाळून त्यात नायट्रिक आम्ल घालतात, नाहीतर धातू बाटलीच्या भिंतीला चिकटून आकडा कमी येतो. षट्संयुजी क्रोमियमचा नमुना मात्र आम्ल न घालता थंड ठेवून लवकर तपासावा लागतो, कारण आम्लात त्याचे रूपच बदलते.

याहून महत्त्वाची नोंद खोलीची. दहा मीटरची खोदविहीर मुरूम-मांजऱ्याचे पाणी सांगते, साठ-सत्तर मीटरची बोअर खालच्या भेगांचे. दोन्हींचे आकडे एकाच नकाशात मिसळले तर तो नकाशा कोणत्याच पाण्याचा राहत नाही. बोअरचे केसिंग आखूड असेल तर वरचे दूषित पाणी त्या भोकातूनच खाली उतरते. अशी बोअर मोजणीचे ठिकाण असते, तशीच प्रदूषणाची वाटही असते.

मातीचा नकाशा आणि मूळ पातळी

मातीतला धातू कारखान्यातून आला की खडकातून, हे ठरवण्यासाठी १९६९ साली म्यूलर या जर्मन शास्त्रज्ञाने मांडलेला भूसंचय निर्देशांक वापरतात. मातीतील धातूच्या प्रमाणाला मूळ पातळीच्या दीडपटीने भागून त्याचा २ या पायाचा लॉगॅरिथम काढायचा. उत्तर शून्याखाली आले तर माती स्वच्छ, १ ते २ च्या मध्ये आले तर मध्यम प्रदूषित.

अडचण मूळ पातळीची आहे. बेसाल्टमध्ये तांबे, क्रोमियम, निकेल निसर्गतःच भरपूर असतात आणि त्यातून झालेल्या काळ्या मातीत ते उतरतात. समजा, एका शेतातील तांबे किलोला १५० मिलिग्रॅम आले. जगभरच्या शेल खडकाची सरासरी ४५ धरली तर निर्देशांक १.१५ येतो आणि शेत प्रदूषित ठरते. त्याच परिसरातील कारखान्यांपासून दूरच्या, त्याच प्रकारच्या मातीत १२० आढळत असतील आणि ती पातळी धरली, तर निर्देशांक शून्याखाली जातो. म्हणून कारखान्यांच्या वाऱ्याच्या आणि पाण्याच्या वाटेबाहेरची, पण त्याच कातळावरची माती आधी तपासून मूळ पातळी ठरवणे अनिवार्य आहे. तसे न करता रंगवलेला नकाशा निर्दोष शेताला डाग लावतो आणि खऱ्या दूषित जागेवरचे लक्ष उडवतो.

दोन विहिरींच्या मध्ये काय?

मोजलेल्या बिंदूंवरून मधल्या जागेचा आकडा काढण्याला अंतर्वेशन म्हणतात. सर्वांत सोप्या पद्धतीत जवळच्या विहिरीला जास्त आणि दूरच्या विहिरीला कमी वजन मिळते. वजन अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात असते. एका ठिकाणापासून २०० मीटरवरच्या विहिरीत क्रोमियम लिटरला ०.१० मिलिग्रॅम आणि ४०० मीटरवरच्या विहिरीत ०.०२ मिलिग्रॅम असेल, तर वजनांचे प्रमाण ४ : १ होते आणि त्या ठिकाणचा अंदाज ०.०८४ येतो. पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकात, आयएस १०५०० मध्ये, एकूण क्रोमियमची मर्यादा ०.०५ आहे. म्हणजे ती जागा नकाशावर लाल होते.

पण त्या दोन विहिरींच्या मध्ये नदी असेल, जलविभाजक असेल, किंवा कातळ चिरून उभी घुसलेली डाइकची भिंत असेल, तर ०.०८४ या आकड्याला काही अर्थ नाही. निघोजे आणि चिखली नकाशावर जवळ दिसतात, पण त्यांच्यामध्ये इंद्रायणी आहे. त्यामुळे अंतर्वेशन पाणलोट क्षेत्राच्या हद्दीत राहूनच करावे लागते. क्रिगिंग ही पद्धत एक पाऊल पुढे जाते. दक्षिण आफ्रिकेतील खाण अभियंता डॅनी क्रिग यांच्या सोन्याच्या खाणींवरील कामातून ती निघाली आणि फ्रान्सच्या जॉर्ज माथेरॉन यांनी तिला गणिती बैठक दिली. प्रत्येक जागेच्या अंदाजाबरोबर त्या अंदाजातील संभाव्य चूकही ती देते, आणि नवी निरीक्षण विहीर कोठे हवी ते या दुसऱ्या नकाशावरून कळते.

धोक्याचा नकाशा

प्रदूषण झाले आहे का, याच्या आधीचा प्रश्न म्हणजे झाले तर ते पाण्यापर्यंत किती सहज पोहोचेल. त्यासाठी १९८० च्या दशकात अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेसाठी तयार झालेली ‘ड्रॅस्टिक’ पद्धत सर्वाधिक वापरली जाते. तिच्यात सात घटक असतात: भूजलाची खोली, पुनर्भरण, जलधर खडक, माती, उतार, पाण्याच्या पातळीवरचा कोरडा थर आणि खडकाची वाहकता. त्यांची वजने अनुक्रमे ५, ४, ३, २, १, ५ आणि ३. प्रत्येक घटकाला साधारण १ ते १० गुण देऊन वजनाने गुणायचे आणि बेरीज करायची.

चाकणच्या बाजूच्या एका कल्पित शेताचे उदाहरण घेता येईल. पावसाळ्यानंतर पाणी ३ ते ४ मीटरवर, म्हणून ९ गुण, वार्षिक पुनर्भरण ७० मिलिमीटरच्या आसपास, ३ गुण, झिजलेल्या बेसाल्टला ६, मातीला ७, सौम्य उताराला ९, कोरड्या थराला ६, वाहकतेला १. बेरीज १३१ होते. मे महिन्यात तेच पाणी १० मीटरच्या खाली गेले की खोलीचे गुण ५ होतात आणि बेरीज १११ वर येते. एकाच शेताचा धोका ऋतूनुसार बदलतो, म्हणून नकाशावर महिना लिहिलेला असणे आवश्यक आहे.

मातीचे ७ गुण विशेष पाहण्यासारखे आहेत. साधी चिकणमाती पाणी अडवते आणि या पद्धतीत तिला अवघा १ गुण मिळतो. काळी माती मात्र उन्हाळ्यात आक्रसून हातभर खोल भेगाळते, आणि पहिल्या वळवाचे पाणी त्या भेगांतून थेट मुरमापर्यंत जाते. वर्षभर जमिनीवर सांडलेले जे काही असेल, ते त्या पाण्याबरोबर खाली उतरते.

वेग आणि दिशा

गुणांचा नकाशा कोठे धोका आहे ते सांगतो. किती दिवसांत आणि कोणत्या दिशेने, ते सांगण्यासाठी प्रवाहाचे प्रारूप लागते. त्याचा पाया फ्रेंच अभियंता हेन्री डार्सी यांनी १८५६ साली मांडलेला नियम आहे. अमेरिकेच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षणाची मॉडफ्लो ही संगणक प्रणाली त्याच नियमावर चालते. जमिनीचे चौकोन पाडून प्रत्येक चौकोनातले येणे-जाणे ती मोजते आणि तिला जीआयएसचे स्तर पुरवले जातात.

खडकाची वाहकता दिवसाला २ मीटर, पाण्याच्या पातळीचा उतार १०० मीटरला १ मीटर आणि पाणी वाहू देणारी पोकळी २ टक्के धरली, तर पाणी दिवसाला १ मीटर, वर्षाला ३६५ मीटर सरकते. पोकळी २० टक्के असलेल्या वाळूत तेच पाणी वर्षाला ३६ मीटरच जाईल. बेसाल्टमध्ये पाणी कमी साठते, पण ते वेगाने पुढे जाते, आणि त्याबरोबर रसायनही. सर्व रसायने सारखी धावत नाहीत. शिसे आणि त्रिसंयुजी क्रोमियम मातीला धरून राहतात. षट्संयुजी क्रोमियम ऋणभारित असते, मातीचे कणही ऋणभारित; म्हणून ते मातीला फारसे न चिकटता पाण्याबरोबर जाते. वाटेत भरपूर सेंद्रिय द्रव्य भेटले तर त्याचे त्रिसंयुजी रूप होते.

दिशा ठरवताना मोठी चूक उंचीत होते. दोन विहिरी ५०० मीटर अंतरावर असतील तर वरील उताराने त्यांच्या पातळीतला फरक फक्त ५ मीटर. उपग्रहाच्या उंचीतली चूकच काही मीटर असू शकते. विहिरीच्या कठड्याची उंची उपग्रहाच्या माहितीवरून घेतली तर संगणक प्रवाह उलट्या दिशेने दाखवू शकतो आणि दोष भलत्याच कारखान्यावर जाऊ शकतो. म्हणून कठड्यांची उंची जमिनीवरच्या सर्वेक्षणानेच मोजावी लागते.

पडताळणी आणि उपयोग

प्रारूप तयार करताना काही विहिरी मुद्दाम बाजूला ठेवतात आणि शेवटी त्यांचे मोजलेले आकडे अंदाजाशी ताडून पाहतात. मेळ बसला नाही तर वाहकता, पुनर्भरण, खडकाच्या सीमा पुन्हा तपासायच्या. शहरी भागात गळक्या जलवाहिन्या आणि गटारेही जमिनीत पाणी भरतात; केवळ पावसावर बांधलेले पुनर्भरण भोसरीसारख्या ठिकाणी कमी पडते.

२०२५ साली केंद्र सरकारने दूषित स्थळांच्या व्यवस्थापनाचे नियम अधिसूचित केले. संशयित जागांची यादी, प्राथमिक तपासणी, सविस्तर सर्वेक्षण आणि मग सफाई असा त्यांचा क्रम आहे. या प्रत्येक टप्प्यावर नकाशा लागतो: कोणती जागा आधी तपासायची, विहीर कोठे घ्यायची, कोणत्या वस्तीचे पाणी तातडीने बदलायचे. त्या नकाशावर नमुन्यांची तारीख, विहिरींची खोली, धरलेली मूळ पातळी आणि अंदाजातील चूक या चार गोष्टी छापलेल्या असल्या पाहिजेत. त्या असतील तर महाळुंगे किंवा कुरुळीच्या ग्रामसभेलाही तो नकाशा पुढे ठेवून प्रश्न विचारता येतात. त्या नसतील तर त्या रंगांवर कोणी निर्णय घेऊ नये.