मध्यरात्री नागपूरला भेटा!

अशी कल्पना करा. वेळ मध्यरात्रीची, ठिकाण नागपूरचा सोनेगाव विमानतळ. दिल्लीहून आलेले एक गृहस्थ आणि मद्रासहून आलेले दुसरे, शेजारी शेजारी बसून पुढच्या विमानाची वाट पाहत आहेत. दोघांची ओळखदेख नाही. मग त्यांची गाठ नागपूरलाच का पडावी?

३० जानेवारी १९४९ रोजी रात्रीची हवाई टपालसेवा सुरू झाली. मुंबई, दिल्ली, कलकत्ता (आताचे कोलकाता) व मद्रास (आताचे चेन्नई) येथून रात्री एकेक विमान निघे. चारही विमाने नागपूरला जमत. तेथे टपालाच्या थैल्यांची व प्रवाशांची अदलाबदल होई आणि विमाने परत फिरत.

यात फायदा काय? चार शहरांच्या जोड्या होतात सहा. प्रत्येक जोडीला थेट विमान द्यायचे, तर सहा मार्ग हवेत. मध्ये भेटीचे ठिकाण ठेवले, की चारच पुरतात. दहा शहरे असती, तर ४५ ऐवजी दहा! मात्र एका विमानाला उशीर झाला, की इतर तिन्ही विमानांचे प्रवासी खोळंबणार.

आता ठिकाण निवडू. भारताच्या नकाशावर मुंबई-कोलकाता व दिल्ली-चेन्नई या रेषा काढा. त्या जेथे छेदतात, तेथून चारही शहरांच्या अंतरांची बेरीज सर्वांत कमी असते. का? बिंदू रेषेबाहेर गेला, की त्रिकोण तयार होतो. आणि त्रिकोणाच्या दोन बाजूंची बेरीज तिसरीपेक्षा नेहमी मोठी असते.

हा छेदनबिंदू येतो आपल्या वर्धा जिल्ह्यात, हिंगणघाटच्या परिसरात! मग नागपूर का? तेथे विमानतळ होता. शिवाय तोटा किती? चारही अंतरांची बेरीज सुमारे ३,४०० किलोमीटर. नागपूरमुळे ती वाढते जेमतेम ५ किलोमीटरने! वाडग्याचा तळ जवळजवळ सपाट असतो. तळापासून थोडे बाजूला सरकले, तरी उंची फारशी वाढत नाही. तसेच हे.

आता तुम्ही करा. जिल्ह्याच्या नकाशावर आर्वी-हिंगणघाट आणि सेलू-देवळी या रेषा काढा. त्या कोणत्या गावाजवळ छेदतात? जिल्ह्याचे मुख्य ठिकाण कोठे आहे, तेही मग पाहा.