पळवणकर बंधू : क्रिकेटच्या मैदानावरील असहकार

खेळाडूंनी नागरी हक्कांसाठी केलेल्या निषेधाचा विषय निघाला की १९६८ च्या मेक्सिको ऑलिंपिकमधील टॉमी स्मिथ व जॉन कार्लोस यांच्या उंचावलेल्या मुठी आठवतात. बुलढाण्यासारख्या जिल्ह्यातील वर्गात मात्र पळवणकर बंधूंचे १९२० चे उदाहरण अधिक बोलके ठरावे. त्यातील प्रश्न आपल्याच समाजाचा आहे.

चर्मकार समाजातील पळवणकर बाळू हे डावखुरे फिरकी गोलंदाज. पुण्यातील इंग्रजांच्या क्लबात मैदानाची निगा राखताना ते ग्रेग या फलंदाजास सरावासाठी चेंडू टाकीत. पुढे हिंदूंच्या संघाने त्यांना घेतले. परंतु चहा मिळे तो मंडपाबाहेर, मातीच्या भांड्यात. त्यांच्या हातचा चेंडू चाले, स्पर्श चालत नसे! १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभराहून अधिक बळी घेतले, तरी हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांच्याकडे आले नाही.

१९२० च्या चौरंगी सामन्यांत बाळूंना वगळण्यात आले. कर्णधार पै आजारी पडताच नेतृत्व दि. ब. देवधर यांना देऊन बाळूंचे बंधू विठ्ठल यांना डावलण्यात आले. तेव्हा विठ्ठल व त्यांचे बंधू शिवराम संघातून बाहेर पडले आणि जातिभेद हेच कारण असल्याचे त्यांनी जाहीर निवेदनाद्वारे सांगितले.

या कृतीचे बळ दुहेरी होते. धावा व बळी सर्वांसमक्ष नोंदलेले असल्याने गुणवत्तेचा आक्षेप निवड समितीस घेता येत नव्हता. शिवाय त्याच वर्षी काँग्रेसने असहकाराचा ठराव केला होता. परकीय सत्तेविरुद्ध योग्य ठरणारा मार्ग स्वकीयांविरुद्ध अयोग्य कसा म्हणावयाचा?

स्मिथ व कार्लोस यांना निलंबित करून मायदेशी धाडण्यात आले. पळवणकरांना परत बोलवावे लागले. पुढील सामन्यासाठी बाळूंना उपकर्णधार नेमण्यात आले, आणि पै यांनी काही काळ मैदान सोडून नेतृत्व त्यांच्या हाती दिले. १९२३ मध्ये विठ्ठल कर्णधार झाले व हिंदू संघाने युरोपियनांना हरवून स्पर्धा जिंकली.

मैदानाबाहेरचा प्रवास इतका सरळ नव्हता. १९३२ च्या पुणे कराराच्या वाटाघाटींत बाळू सहभागी होते. १९३७ च्या मुंबई प्रांतिक निवडणुकीत काँग्रेसने त्यांना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांविरुद्ध उभे केले, आणि ते पराभूत झाले.