न दिसलेलें श्वापद

रानाशीं ज्यांचा थोडाबहुत परिचय आहे, त्यांना एक गोष्ट अनुभवानें ठाऊक असते. समोर येऊन उभ्या राहिलेल्या जनावरापेक्षां झुडपामागें वाळक्या पाचोळ्यावर वाजलेलें पाऊल काळजाचा ठाव अधिक घेतें. दिसलेल्या जनावराला आकार असतो, मर्यादा असते. न दिसलेल्याला दोन्ही नसतात. याच साध्या सत्याच्या बळावर १९४२ सालीं अमेरिकेंत एक बोलपट निघाला. 'कॅट पीपल' हें त्याचें नांव. मार्जारकुळींतलीं माणसें असा त्याचा अर्थ. त्याचीच हकीकत आज श्रोत्यांपुढें ठेवावयाची आहे.

या मार्गानें जाण्याचें पहिलें कारण पैसा. आर. के. ओ. ही हॉलिवुडमधील चित्रसंस्था त्या वेळीं आर्थिक अडचणींत होती. तिनें स्वस्त भीतिपटांचें काम व्हॅल ल्यूटन या निर्मात्याकडे सोंपविलें. अटी तीन: खर्च दीड लाख डॉलरच्या आंत, लांबी ७५ मिनिटांच्या आंत, आणि नांव संस्था देईल तें. नवे देखावे उभारण्यास पैसा कोठला? नायिकेच्या घरांतील जिना ऑर्सन वेल्सच्या 'द मॅग्निफिसंट अँबर्सन्स' या चित्रासाठीं बांधलेला होता. तोच पुन्हां वापरला. तेव्हां ल्यूटन व दिग्दर्शक झाक तूर्नर यांनीं ठरविलें कीं श्वापद शक्य तोंवर दाखवावयाचेंच नाहीं.

कथा अशी. इरेना ही सर्बियांतून न्यू यॉर्कला आलेली तरुणी. राग किंवा मत्सर अनावर झाला कीं आपल्या गांवच्या कांहीं स्त्रियांचें बिबळ्यांत रूपांतर होतें, ही लहानपणीं ऐकलेली दंतकथा तिच्या मनांतून जात नाहीं. लग्न होतें, पण आपल्या हातून पतीचा घात होईल या भयानें ती त्याला जवळ येऊं देत नाहीं. पति सालस, तो तिची समजूत घालतो आणि डॉक्टरकडे धाडतो. डॉक्टरहि तिचें बोलणें मनाचा रोग ठरवितो. ती मात्र प्राणिसंग्रहालयांतील काळ्या बिबळ्याच्या पिंजऱ्यापाशीं वारंवार जाते.

काळा बिबळ्या ही निराळी जात नव्हे. तो साधा बिबळ्याच; काळ्या रंगद्रव्याच्या आधिक्यानें त्याचे ठिपके झांकले जातात. आपल्या सह्याद्रींतहि तो क्वचित् आढळतो. अंधारांत त्याला अंधारापासून वेगळें ओळखणें अवघड, आणि हाच गुण या बोलपटाच्या उपयोगीं पडला.

पतीची सहकारिणी ॲलिस हिच्याविषयीं इरेनाला मत्सर वाटूं लागतो. एका रात्रीं ॲलिस उद्यानाच्या भिंतीकडेनें एकटी चाललेली असते. मागून दुसऱ्या स्त्रीच्या टाचांचा आवाज येतो, आणि एकाएकीं थांबतो. संगीत नाहीं, संवाद नाहीं. ॲलिसचीं पावलें झपाट्यानें पडूं लागतात, आणि ऐन क्षणीं फिस्कारल्यासारखा आवाज करीत कांहींतरी पडद्यावर घुसतें. ती असते बस! संकलक मार्क रॉबसन यानें साधलेला हा धक्का इतका परिणामकारक ठरला कीं पुढें अशा खोट्या धक्क्याला 'ल्यूटन बस' असेंच नांव पडलें. नभोवाणीच्या श्रोत्यांना, केवळ कानांनीं पाहण्याची संवय असल्यामुळें, या युक्तीचें मर्म चटकन् उमगेल.

संस्थेच्या चालकांचें मात्र एवढ्यानें समाधान झालें नाहीं. जनावर दाखवा, असा त्यांचा आग्रह. तेव्हां कचेरीच्या प्रसंगांत खरा काळा बिबळ्या आणला गेला. पण नकाशे काढण्याच्या मेजांतून येणाऱ्या अंधुक उजेडांत तो इतका पुसट ठेवला कीं प्रेक्षकाची शंका कायम राहिली.

या बोलपटानें खर्चाच्या कित्येक पट उत्पन्न मिळविलें, आणि १९९३ सालीं अमेरिकेंतील जतन करण्याजोग्या चित्रपटांच्या राष्ट्रीय यादींत त्याचा समावेश झाला. परंतु त्याचें बळ भीतीपेक्षां करुणेंत अधिक आहे, असें मला वाटतें. शेवटीं इरेना पिंजऱ्याचें दार स्वतःच उघडते आणि मरण पत्करते. ती कधीं खोटें बोलली नव्हती, हें पतीला उमगतें तें तिच्या प्रेतापाशीं. दंतकथा खरी कीं खोटी, यांतच सारे गुंतले. तिचें भय मात्र कोणींच खरें मानलें नाहीं.

आपल्या घरांतहि एखादी नवी सून किंवा एखादें लहान मूल आपल्या भयाविषयीं कांहीं सांगूं लागतें. तेथें कांहीं नाहीं, असें म्हणून आपण दिवा लावतों. दिवा अवश्य लावावा. परंतु आधीं सांगणाऱ्याचें ऐकून घ्यावें.