गुणांचा नव्हे, दिवसांचा दावा

४७७ परीक्षा, सुमारे १७ लाख उत्तरपत्रिका आणि ४५ दिवस. २०१७च्या उन्हाळ्यात मुंबई विद्यापीठापुढे हे गणित होते. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायदा, २०१६चे कलम ८९ सांगते की परीक्षा संपल्यावर ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करावा, पण कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवस ओलांडू नयेत. ढोबळ भागाकार केला तर रोज सुमारे ३८ हजार उत्तरपत्रिका तपासून व्हायला हव्या होत्या. नेमकी त्याच हंगामात संगणकाच्या पडद्यावरची तपासणी एकदम सुरू झाली. कुलपतींनी घालून दिलेली ३१ जुलैची मुदत हुकली आणि शेवटचे निकाल लागेपर्यंत निम्मा सप्टेंबर सरला. २४ ऑक्टोबरला कुलगुरू संजय देशमुख यांना पदावरून दूर करण्यात आले.

ज्याला गुण मान्य नाहीत, त्याची खरी रखडपट्टी इथून पुढे सुरू होते. आधी छायांकित प्रत, मग पुनर्मूल्यांकनाचा अर्ज, मग दुसरा परीक्षक. समजा, उत्तीर्ण व्हायला ४० गुण हवेत आणि मिळाले ३७. पुनर्मूल्यांकनाचा निकाल येण्याआधीच केटीचा, म्हणजे राहिलेल्या विषयाची परीक्षा पुन्हा देण्याचा, फॉर्म भरायची तारीख येते. फॉर्म भरला तर पैसे आणि अभ्यासाचे दिवस कदाचित वाया. न भरला आणि गुण बदलले नाहीत, तर एक सत्र हातचे गेले. तीन गुण पुढे वाढलेही, तरी तोवर पदव्युत्तर प्रवेशाच्या याद्या लागून गेलेल्या असतात.

म्हणून मुले कोर्टात जातात. २०१७मध्ये विधी शाखेच्या विद्यार्थ्यांनी मुंबई उच्च न्यायालय गाठले ते रखडलेल्या निकालांसाठी. मात्र न्यायालयाकडून काय मिळू शकते, हे तीन निकालांवरून स्पष्ट होते. १९८४मध्ये महाराष्ट्राच्याच परीक्षा मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की नियमांत तरतूद नसेल, तर पुनर्मूल्यांकन हक्क म्हणून मागता येत नाही. २०११मध्ये माहिती अधिकाराखाली स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क मान्य झाला. डिसेंबर २०१७मध्ये रणविजय सिंह प्रकरणात न्यायालयाने बजावले की उत्तरपत्रिका तपासणे हे न्यायाधीशांचे काम नव्हे आणि उमेदवाराविषयीची सहानुभूती हा हस्तक्षेपाचा आधार होऊ शकत नाही.

सार असे की, ‘माझे तीन गुण वाढवा’ ही मागणी सहसा टिकत नाही. ‘तुमच्याच नियमाप्रमाणे, अमुक तारखेच्या आत निर्णय द्या’ ही टिकण्याची शक्यता कितीतरी जास्त, कारण ठरवून दिलेले कर्तव्य पार पाडायला लावण्याचा अधिकार राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६खाली उच्च न्यायालयाला आहे.

पण कलम ८९मधले ४५ दिवस परीक्षेच्या निकालासाठी आहेत. पुनर्मूल्यांकनालाही तितकीच ठाम मुदत हवी, आणि ती मोजायची पुढच्या परीक्षेचा फॉर्म भरण्याच्या शेवटच्या दिवसापासून मागे. त्या दिवसापर्यंत निर्णय झाला नाही, तर केटीचे शुल्क विद्यापीठाने सोसावे. उशिराची किंमत खुद्द विद्यापीठाला मोजावी लागली, तर यातल्या बऱ्याच याचिका दाखल करायची वेळच येणार नाही.