‘व्हॅक्युअस’ : रिक्तता आणि पोकळपणा

इंग्रजीतील ‘व्हॅक्युअस’ हे विशेषण मराठीत आणताना ‘रिकामा’, ‘पोकळ’, ‘अर्थशून्य’, ‘निर्बुद्ध’ यांपैकी कोणताही प्रतिशब्द उचलला तरी चालेल, असा समज पुष्कळदा आढळतो. सामान्य गद्यात या समजाने फारसे बिघडत नाही. परंतु हाच शब्द तर्कशास्त्र, गणित आणि भाषाविज्ञान या शास्त्रांत पारिभाषिक संज्ञांचा घटक म्हणून येतो. आणि तेथे प्रतिशब्दाची निवड चुकली की विचारही चुकतो. ‘व्हॅक्युअस ट्रूथ’ या संज्ञेचे ‘निरर्थक सत्य’ असे भाषांतर केले, तर जे विधान निरर्थक आहे ते सत्य तरी कसे असेल, अशी शंका वाचकास येते. ती शंका रास्त असते, कारण दोष संकल्पनेत नसून भाषांतरात असतो. म्हणून या शब्दाच्या अर्थाची वाटचाल, त्याचे लौकिक व शास्त्रीय प्रयोग, आणि मराठीत त्यांसाठी कोणते शब्द योजणे इष्ट आहे, यांचा येथे क्रमाने विचार करावयाचा आहे.

१. व्युत्पत्ती आणि अर्थाची वाटचाल

‘व्हॅक्युअस’ हा शब्द लॅटिन ‘वाकुउस’ या विशेषणापासून आला आहे. त्याचा अर्थ रिकामा, मोकळा. रिकामे असणे, मोकळे असणे या अर्थाचे ‘वाकारे’ हे क्रियापद त्याच कुळातले. इंग्रजीत या कुळातील शब्द बरेच आहेत. रिकाम्या जागेविषयीचा ‘व्हेकन्ट’, कामापासून मोकळीक म्हणजे सुटी या अर्थाचा ‘व्हेकेशन’, निर्वात पोकळीसाठीचा ‘व्हॅक्यूम’ आणि जागा खाली करण्याविषयीचा ‘इव्हॅक्युएट’ हे त्यांपैकी काही. तौलनिक भाषाशास्त्रात या लॅटिन शब्दांची मुळे आणि ‘वानुस’ म्हणजे पोकळ, व्यर्थ या शब्दाचे मूळ एकच मानले जाते. संस्कृत ‘ऊन’ हा शब्दही त्याच मुळाशी जोडला जातो. मराठीतील ‘उणा’, ‘उणे’ हे शब्द या ‘ऊन’पासूनच आलेले असल्यामुळे इंग्रजी ‘व्हॅक्युअस’ आणि मराठी ‘उणा’ यांच्यात दूरचे का होईना, नाते आहे.

इंग्रजीत हा शब्द सतराव्या शतकाच्या मध्यास रूढ झाला. युरोपात तो काळ पोकळीविषयीच्या वादाचा होता. निसर्गात संपूर्ण पोकळी संभवतच नाही, हे ॲरिस्टॉटलपासून चालत आलेले मत. १६४३-४४ च्या सुमारास टॉरिचेल्लीने पाऱ्याच्या नळीचा प्रयोग केला; १६५४ मध्ये ओटो फोन गेरिके याने हवा काढून घेणाऱ्या पंपाचे प्रयोग रेगेन्सबुर्ग येथे करून दाखविले; आणि १६६० मध्ये रॉबर्ट बॉइलने आपले हवेविषयीचे प्रयोग ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले. अशा वातावरणात ‘व्हॅक्युअस’ या शब्दाचा अर्थ केवळ भौतिक होता. ज्यात द्रव्य नाही, ते व्हॅक्युअस. त्यात निंदेचा लवलेश नव्हता.

पुढे अवकाशाचा हा गुण मनाकडे आणि वाणीकडे वळला. ज्यात विचार नाही ते मन, ज्यावर बुद्धीची खूण दिसत नाही तो चेहरा, ज्यातून काही सांगितले जात नाही ते बोलणे, अशा अर्थाने हा शब्द एकोणिसाव्या शतकात स्थिरावला. मूळ भौतिक अर्थ त्यानंतर मागे पडत गेला. आजच्या इंग्रजीत रिकाम्या पेटीला किंवा रिकाम्या खोलीला कोणी ‘व्हॅक्युअस’ म्हणत नाही. पात्राचे वर्णन करणारा शब्द अशा रीतीने माणसाविषयी निवाडा देणारा झाला.

२. लौकिक प्रयोग आणि जवळचे शब्द

लौकिक इंग्रजीत हे विशेषण मुख्यतः तीन प्रकारच्या नामांबरोबर येते : हास्य, नजर, चेहरा ही मुद्रावाचक नामे, शेरा, भाषण, घोषणा ही उक्तिवाचक नामे, आणि व्यक्ती किंवा तिचे जीवन. तिन्ही ठिकाणी अभिप्राय असा असतो की जेथे काही आशय असावयास हवा होता, तेथे तो नाही. ही अपेक्षा महत्त्वाची आहे. दगडाला विचार नसतो, परंतु दगडास कोणी ‘व्हॅक्युअस’ म्हणत नाही. कारण त्याच्याकडून विचाराची अपेक्षाच नसते.

समानार्थी म्हणून दिल्या जाणाऱ्या शब्दांशी तुलना केली म्हणजे या शब्दाची सीमा स्पष्ट होते. ‘हॉलो’ या शब्दात बाहेरचे कवच शाबूत असून आत काही नाही, अशी कल्पना आहे. म्हणून तो आश्वासनाला लावला की अप्रामाणिकपणाचा आरोप होतो. ‘व्हॅपिड’ हा शब्द लॅटिनमध्ये चव उतरलेल्या मद्याविषयी वापरीत. त्यामुळे त्यात पूर्वी असलेला रस नाहीसा झाल्याची छटा राहते. ‘फ्लिम्झी’ म्हणजे तकलादू. त्यात आशयाचा अभाव नसून भार सोसण्याच्या शक्तीचा अभाव असतो, आणि म्हणून तो सबबीला किंवा पुराव्याला लागतो. ‘व्हेकन्ट’ नजर ही क्षणापुरती असू शकते. मन दुसरीकडे गेले की कोणाचीही नजर तशी होते. ‘व्हॅक्युअस’ नजर मात्र मुळातच मागे काही नाही, असे सुचविते.

शेवटचा भेद मराठी भाषांतरकाराने विशेष लक्षात ठेवावा असा आहे. मराठीत ‘शून्य नजर’ म्हटले की दुःख, आघात किंवा हरपलेले भान सूचित होते. वाचकाची सहानुभूती त्या व्यक्तीकडे जाते. इंग्रजीत ‘व्हॅक्युअस’ नजर उपहासास पात्र ठरते. तेव्हा कादंबरीतील एखाद्या पात्राच्या अशा नजरेचे ‘शून्य नजर’ असे भाषांतर केल्यास लेखकाने ज्याची टर उडविली, त्याच्याविषयी मराठी वाचकास कणव वाटू लागते. तेथे ‘निर्बुद्ध’ किंवा ‘मठ्ठ’ हेच शब्द अधिक जवळचे होत.

मराठीतील निंदावाचक शब्दांची घडणही पाहण्यासारखी आहे. इंग्रजी शब्द अवकाशाच्या कल्पनेतून आला. मराठी शब्द शेतातून आणि गोठ्यातून आले. दाणा न भरलेले कणीस ‘पोचट’. धान्यावरचे टरफल ते ‘फोल’. दूध न देणारी गाय ‘भाकड’, आणि तिच्यावरून ‘भाकडकथा’. ‘बडा घर पोकळ वासा’ या म्हणीतला वासा घराचा भार पेलण्यासाठी असतो, आणि तोच आतून पोकळ निघतो. या सर्व शब्दांत, जेथे भरीवपणा अपेक्षित होता तेथे तो नाही, हीच तक्रार आहे. म्हणून पोचट भाषण, फोल चर्चा, पोकळ बडबड हे प्रयोग ‘व्हॅक्युअस’च्या लौकिक अर्थास पुरेपूर उतरतात.

३. तर्कशास्त्रातील रिक्त सत्य

शास्त्रीय प्रयोगात मात्र ही तक्रार नाहीशी होते. एक पेटी आहे आणि तीत एकही नाणे नाही, असे समजू. “या पेटीतील प्रत्येक नाणे सोन्याचे आहे” हे विधान सत्य की असत्य? ते असत्य ठरण्यासाठी पेटीत सोन्याचे नसलेले निदान एक नाणे दाखविता आले पाहिजे. तसे दाखविता येत नाही. म्हणून आधुनिक तर्कशास्त्राप्रमाणे विधान सत्य आहे. याच न्यायाने “या पेटीतील प्रत्येक नाणे लोखंडाचे आहे” हेही सत्य आहे. दोन्ही विधाने परस्परविरोधी भासतात, परंतु तशी ती नाहीत. पेटीत नाणे नाही, एवढेच त्यांच्या एकत्रित सत्यतेवरून निष्पन्न होते. अशा सत्यास ‘व्हॅक्युअस ट्रूथ’ म्हणतात.

पारंपरिक तर्कशास्त्रात ‘सर्व’ या विधानावरून ‘काही’ हे विधान निष्पन्न होत असे; म्हणजे उद्देश्यपदाने निर्दिष्ट केलेल्या वस्तू अस्तित्वात आहेत, हे गृहीत धरले जाई. एकोणिसाव्या शतकात बूल (१८५४) आणि फ्रेगे (१८७९) यांच्या ग्रंथांनी तर्कशास्त्राला जे नवे रूप दिले, त्याच्या विकासात हे गृहीत सोडून देण्यात आले. “सर्व अ हे ब आहेत” याचा अर्थ “कोणतीही वस्तू अ असेल तर ती ब आहे” असा घेतला गेला. त्यामुळे रिक्त संच हा प्रत्येक संचाचा उपसंच ठरतो, आणि गणितातील सिद्धान्तांना पदोपदी अपवाद जोडावे लागत नाहीत. येथे ‘व्हॅक्युअस’ हा शब्द विधानाची निंदा करीत नाही. विधान कोणत्या मार्गाने सत्य ठरले, एवढेच तो सांगतो.

४. भाषाविज्ञानातील प्रयोग

भाषाविज्ञानात ही संज्ञा निदान तीन ठिकाणी येते. पहिले ठिकाण वर्णविचाराचे. जर्मन भाषेत शब्दान्ती येणारे घोष स्फोटक व्यंजन अघोष होते. चाक या अर्थाच्या ‘राड’ या शब्दाचा उच्चार ‘राट’ होतो. अनेकवचनात मात्र मूळचा ‘ड’ ऐकू येतो. सल्ला या अर्थाच्या ‘राट’ या शब्दात अन्त्य व्यंजन मुळातच अघोष आहे. नियम तेथेही लागतो, परंतु काहीही पालटत नाही. ही नियमाची रिक्त प्रवृत्ती होय. “आधीच अघोष असलेली व्यंजने वगळून” अशी पुरवणी नियमास जोडण्यापेक्षा त्यास सर्वत्र लागू देणे अधिक लाघवाचे असते.

हा विचार भारतीय व्याकरणपरंपरेस नवा नाही. पतञ्जलीच्या महाभाष्यात शास्त्राच्या प्रवृत्तीला पर्जन्याची उपमा दिली आहे : पाऊस उणे आणि पूर्ण असा भेद न करता सर्वत्र पडतो, तसे शास्त्र जेथे कार्य आधीच झालेले आहे तेथेही प्रवृत्त होते. वर ज्याचे लॅटिन शब्दांशी नाते सांगितले, तोच ‘ऊन’ शब्द या दृष्टान्तात आहे. नागेशभट्टाच्या परिभाषेन्दुशेखरातही या आशयाची परिभाषा आहे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात अध्यापन करणाऱ्या कीलहॉर्न यांनी या ग्रंथाचे संपादन व भाषांतर १८६८ ते १८७४ या काळात प्रसिद्ध केले.

दुसरे ठिकाण वाक्यविचाराचे. ‘कोणते’, ‘प्रत्येक’ यांसारखी पदे वाक्यात ज्या रिकाम्या स्थानाशी बांधली जावीत, ते स्थानच नसेल तर वाक्य बिघडते. “मीनाने कोणते पुस्तक लिहिले?” हे सुघटित आहे, “कोणते पुस्तक मीनाने पत्र लिहिले?” हे नाही. तर्कशास्त्राच्या कृत्रिम भाषेत असे रिक्त बंधन निरुपद्रवी असते; मानवी भाषा ते सहसा चालवून घेत नाहीत.

तिसरे ठिकाण अर्थविचाराचे. “इट इज रेनिंग” या इंग्रजी वाक्यातील ‘इट’ कोणत्याही वस्तूचा निर्देश करीत नाही. कर्त्याचे स्थान भरणे एवढेच त्याचे काम. मराठीत आपण “पाऊस पडतो आहे” म्हणतो आणि असे रिक्त सर्वनाम लागत नाही. पाणिनीने १.४.९३ या सूत्रात ‘अधि’ आणि ‘परि’ यांना विशिष्ट प्रयोगांत ‘अनर्थक’ म्हटले आहे. ते धातूच्या अर्थाहून वेगळा अर्थ सांगत नाहीत, असे त्याचे स्पष्टीकरण महाभाष्यकार करतात. म्हणजे ‘अनर्थक’ हा शब्दही तेथे दूषण नसून वर्णन आहे.

५. जेथे दोन्ही अर्थ भेटतात

शास्त्रीय आणि लौकिक अर्थ असे वेगळे असले तरी त्यांचा सांधा एका ठिकाणी जुळतो. “आमच्याकडे आलेल्या सर्व तक्रारींचे निवारण करण्यात आले आहे” असे एखाद्या कार्यालयाच्या अहवालात लिहिले, आणि तक्रार एकही आली नव्हती, असे समजू. तर्काच्या दृष्टीने विधान सत्य आहे. ऐकणाराची मात्र फसवणूक होते. स्ट्रॉसनने १९५० च्या सुमारास मांडलेल्या मताप्रमाणे अशा वाक्यात वस्तूंचे अस्तित्व पूर्वगृहीत असते, आणि ते नसेल तर सत्यासत्यतेचा प्रश्नच उद्भवत नाही. ग्राइसच्या १९६७ मधील व्याख्यानांची दिशा निराळी : विधान सत्य राहू शकते, परंतु बोलणाराने आवश्यक तेवढी माहिती द्यावी या संभाषणाच्या संकेताचा भंग होतो. “तक्रार आली नाही” हे सांगणे सोपे असता “सर्वांचे निवारण केले” असे कोणी का म्हणावे, या प्रश्नातून ऐकणारा तक्रारी आल्याचे अनुमान करतो. रिक्त सत्य अशा रीतीने पोकळ उक्ती बनते.

संशोधकाने हा धोका आपल्या लेखनातही ओळखावयास हवा. “या बोलीतील सर्व त्रिव्यंजनी जोडाक्षरांत अमुक नियम पाळला जातो” असे प्रबंधात लिहिले, आणि संकलित सामग्रीत असे जोडाक्षर एकदाही आलेले नसेल, तर विधानास बाध येणार नाही. पण ते सिद्धही झालेले नसेल. नियम मोडलेला आढळला नाही, याची कारणे दोन असू शकतात : नियम खरा आहे, किंवा त्याच्या कसोटीची वेळच आली नाही. ही दोन कारणे वेगळी ओळखता यावीत म्हणून ‘सर्व’ या शब्दाबरोबर किती उदाहरणे तपासली, तो आकडा देणे आवश्यक आहे. तो आकडा शून्य असेल, तर विधान रिक्त आहे, हे वाचकास तेथेच कळते.

६. प्रतिशब्दांची निवड

यावरून मराठीतील योजना सुचविता येते. शास्त्रीय अर्थासाठी ‘रिक्त’ हा शब्द घ्यावा : रिक्त सत्य, नियमाची रिक्त प्रवृत्ती, रिक्त बंधन, अर्थरिक्त सर्वनाम. गणिताच्या मराठी पाठ्यपुस्तकांत ‘रिक्त संच’ ही संज्ञा रुळलेली आहे आणि कार्यालयीन भाषेत ‘रिक्त पद’ परिचित आहे. दोन्ही प्रयोगांत ‘रिक्त’ला निंदेचा वास नाही. पद रिक्त आहे म्हटल्याने ते पद क्षुद्र ठरत नाही. लौकिक अर्थासाठी प्रसंगानुसार ‘पोकळ’, ‘पोचट’, ‘फोल’, ‘निर्बुद्ध’ हे शब्द योजावेत. ‘निरर्थक’ हा शब्द मात्र, ज्या वाक्यास अर्थच नाही अशा वाक्यापुरता राखून ठेवणे श्रेयस्कर. कारण रिक्त सत्य विधानास अर्थ असतो, आणि तो अर्थ कळतो म्हणूनच ते विधान सत्य आहे, हे ठरविता येते.

इंग्रजीत एकाच शब्दाला वर्णन आणि निवाडा ही दोन्ही कामे करावी लागतात, आणि त्यांचा भेद वाचकाने संदर्भावरून जाणावा लागतो. मराठीत त्या दोन कामांसाठी निराळे शब्द आधीपासून आहेत. भाषांतरात ते एकमेकांच्या जागी न घालणे, एवढीच दक्षता घ्यावयाची आहे.