खेळ सुरू कुठून करायचा?

‘स्कायरिम’ हा 2011चा खेळ आजही खेळला जातो, तो मुख्यतः चाहत्यांनी रचलेल्या मॉड्समुळे. ती सांभाळायला ‘मॉड ऑर्गनायझर 2’ घेतला, तरी खेळात काहीच बदललेले दिसत नाही, तेव्हा दोष बहुधा मॉडचा नसतो. खेळ थेट स्टीमवरून सुरू केलेला असतो. हा मॅनेजर मॉडच्या फायली खेळाच्या फोल्डरमध्ये टाकतच नाही. त्या तिथे आहेत, असे तो फक्त स्वतः सुरू केलेल्या खेळाला भासवतो. म्हणून ‘एसकेएसई’ हा अनेक मॉड्सना लागणारा स्क्रिप्ट एक्स्टेंडर वापरत असाल तर त्याचा लोडर मॅनेजरच्या यादीत नोंदवावा आणि दरवेळी तिथूनच ‘रन’ दाबावे. खेळ चालू असताना मॅनेजरची खिडकी कुलूपबंद होते. ते कुलूप घाईने उघडू नये.

‘व्होर्टेक्स’ या दुसऱ्या मॉड मॅनेजरमध्ये ही कटकट नाही, असे कोणी म्हणेल. खरेच आहे, तो हार्ड लिंकने फायली खेळाच्या फोल्डरमध्ये मांडतो, त्यामुळे स्टीमवरूनही मॉड चालतात. त्या काढून टाकायची सोयही त्यात आहे. पण मध्येच हाताने ढवळाढवळ झाली आणि मूळ फायली बिघडल्या, तर त्या पुन्हा उतरवणे आले. स्कायरिमच्या ‘स्पेशल एडिशन’ला 12 जीबी जागा लागते; कुरुंदवाडला मोबाइलच्या डेटावर भागवणाऱ्या मुलाला हा फटका मोठा आहे. मूळ फोल्डरला हात न लावणारी पद्धत मला म्हणूनच जास्त पटते.